धाकूचं गाऱ्हाणं

पार्वतीचा झील रेडिओवर बोलणार ही बातमी गाबतांच्या वाडीत रेडिओच्या आधी येऊन पोचली. रेडिओ मागाहून आला. ग्रामपंचायतीनं दिलेला तो खोका रामचंद्राच्या चहाच्या दुकानात फळीवर बसवला, तेव्हा तो पोट सुटलेल्या पाहुण्यासारखा दिसत होता. गोवा त्या दिवसांत अजून फिरंग्यांकडे होतं. सुई केसभर सरकली की मुंबई बुडायची आणि पलीकडून फिरंगी बाई गळा काढायची. मग रामचंद्र खोक्याच्या पाठीवर थाप मारी, तेव्हा कुठं मुंबई परत वर येई.

किनाऱ्यावर नवी वस्तू आली, मग ती होडी असो, जाळं असो की वल्हं असो, तिला हळदकुंकू लागतं आणि नारळ मिळतो. पार्वती मासळीची पाटी उतरवून, पाय धुऊन, नारळ घेऊन दुकानात हजर झाली.

"लवूभाऊ, गाऱ्हाणा घाल."

लवू तांडेल रापणीचा, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याचा, म्होरक्या. देवीपुढं वाडीचं गाऱ्हाणं, म्हणजे सगळ्यांच्या वतीनं मागणं, त्यानंच घालायचं. पण तोही खोक्यापुढं अडला.

"कोणाच्या नावान घालू गो? आत कोण आसा ता खंय म्हायत आसा?"

"आतल्याच्या नावान घाल. जो कोण आसात तो."

"बा आतल्या म्हाराजा!" लवूनं आवाज लावला, आणि सगळी वाडी हात जोडून म्हणाली, "व्हय म्हाराजा!"

पार्वतीचा हा मुलगा, गुरुदास, मुंबईच्या गोदीत मालावर खुणा मारायच्या कामाला होता. त्याआधी तो वाडीची द्रौपदी होता. जत्रेच्या दशावतारात बायकांचे पार्ट तोच करी, आणि त्यानं कृष्णाला हाक घातली की पाटावर बसलेले पुरुष खांद्यावरच्या पंच्यानं नाक पुसत. असल्या गळ्याला मुंबईनं रेडिओवर बोलावलं यात पार्वतीला नवल वाटलं नाही. मुंबईनं इतका उशीर का केला, एवढंच तिला कळेना.

पहिल्या बुधवारी तिनं टोपलीभर गुळाचं खाजं आणलं आणि दुकानाबाहेरच्या वाळूत जानकीशेजारी बसली. जानकीचं अंगण तिच्या अंगणाला लागून. दोघींचं भांडणही एकत्र आणि हसणंही.

श्रुतिका सुरू झाली. 'साठ्यांचं बिऱ्हाड.' साठे नावाचा साहेब, त्याची बायको, आणि त्यांचा कोकणातला गडी धाकू. आत काहीतरी खळ्ळकन फुटलं. बायको किंचाळली, "धाकू, कप कुणी फोडला?"

"माका काय म्हायत नाय, सायबा!"

खोक्यातली माणसं खो खो हसली. वाळूत बसलेलं कुणीही हसलं नाही. तिसऱ्या शब्दाला सगळ्या वाडीनं गळा ओळखला होता.

धाकू पाहुण्यांचं सरबत प्यायला. विजेच्या पंख्याला भिऊन पलंगाखाली गेला. शेजारच्या घरात मासे तळत होते, त्या वासानं दारात उभा राहिला तो चुलीवरचं दूध उतू जाईपर्यंत. दर वेळी तेच वाक्य आणि दर वेळी तेच हसू. मग तुतारी वाजली आणि श्रुतिका संपली.

रामचंद्रानं कपबशी उगीचच दोनदा विसळली.

"आज गुरुदास लागलो नाय वाटता," तो म्हणाला.

"पुढल्या बुधवारी लागात," लवू तांडेल म्हणाला.

"हो धाकू कोण गो मेलो?" जानकीनं विचारलं. "देवगडाकडचो दिसता. हेल तसोच आसा."

"तसोच, तसोच. देवगडचोच," चौघंजण घाईघाईनं म्हणाले.

"असात," पार्वती म्हणाली, आणि खाजं वाटायला उठली. प्रत्येकानं नेहमीपेक्षा जास्त घेतलं, आणि गोड झालंय म्हणून सांगितलं.

त्या दिवसापासून दर बुधवारी वाडी हा खेळ खेळू लागली. धाकू पडे, धडपडे, मार खाई. श्रुतिका संपली की कुणीतरी उसासा टाकी, "अजून गुरुदासाचो नंबर लागूक नाय!" आणि दुसरा म्हणे, "मुंबय मोठी, रांग मोठी." बोलायला अशी दर्यासारखी मोकळी माणसं, पण एक गोष्ट न बोलण्यासाठी सगळ्यांनी मिळून कंबर बांधली होती. पार्वतीला ते कळत होतं. तिला कळतंय हे त्यांनाही कळत होतं.

वाडीनं असं झाकलं, पण मालवणच्या बाजाराला झाकायचं काय कारण? बाजारात धाकू गुळासारखा चिकटला. हायस्कुलातल्या मास्तरांची बायको कावेरीबाई म्हणजे पार्वतीचं जुनं गिऱ्हाईक. बाई मनानं वाईट नव्हती. वाईट असती तर सोपं गेलं असतं.

"काय गं पार्वती, बांगडे ताजे ना?"

"सकाळच्या रापणीचे, बाय. डोळे बघा तेंचे."

"की 'माका काय म्हायत नाय, सायबा'?" कावेरीबाई हसल्या, बरोबरच्या दोघीही हसल्या. "अगदी तुमच्यासारखा बोलतो गं तो मेला! तुमच्यात असेच असतात का सगळे? कप फोडणारे?"

"आमच्याकडे कप फुटाचे खयसून, बाय? आमी करवंटयेतसून चाय पितंव," पार्वती म्हणाली. बायका आणखी हसल्या. तिनं कोयत्यावर बांगड्याचं डोकं जरा जोरातच उडवलं.

तिची एकच हौस होती. याच बाजारात, हीच पाटी पुढं घेऊन, चार बायकांच्या देखत एकदा म्हणायचं होतं, 'बुधवारी रेडिओर बोलता तो माझो झील.' मुलगा मुंबईला गेला त्या दिवसापासून ते वाक्य ती जिभेखाली धरून होती. आता ते खडीसाखरेसारखं विरघळतही नव्हतं आणि थुंकताही येत नव्हतं. पहाटे जात्यावर तांदूळ दळताना तिची ओवी निघे:

झिलग्या माज्या रे, मुंबय दूर देस,
आगबोटीच्या धुराक तुज्या केसांचो वास...

आणि दुसरी ओळ संपेपर्यंत धाकू मध्ये येऊन पंख्याला भिई. ओवी तिथंच अडे.

देवीच्या जत्रेला गुरुदास आला. आगबोट बंदराबाहेर थांबली, पडावातून माणसं उतरली, आणि पाटलोण गुडघ्यापर्यंत वर धरून, मनगटावरचं घड्याळ पाण्यापासून जपत तो वाळूत आला. वाडी गोळा झाली.

"काय रे गुरुदास, तुझो पार्ट कधी लागतलो? आमचे कान किटले वाट बघून!"

"लागात... लागात कधीतरी," तो म्हणाला.

पार्वती बघत होती. आधी त्याच्या चेहऱ्यावर सुटल्यासारखं उमटलं. कुणी ओळखलं नाही! आणि मागोमाग, ढगाची सावली वाळूवरून जावी तसं दुसरंच काहीतरी गेलं. अरे, आपला गळा कुणीच ओळखला नाही? नटाची जात ती. तिला हसू आलं, पण तिनं ते पदरात बांधून घरी नेलं.

दुपारी तिनं बांगड्याचं तिखलं वाढलं. दोन घास झाल्यावर तो म्हणाला, "आये, पाणी दी गो."

पार्वतीनं खुंटीवरचा पंचा काढून खांद्यावर टाकला, कमरेत वाकली, तोंड वेंगाडलं आणि म्हणाली,

"माका काय म्हायत नाय, सायबा!"

घास हातातच राहिला.

"आये... तुका कळला?"

"माझ्या पोटात गप ऱ्हवललंस, तेवा वळखलंय तुका. पेटयेत बसान बोललंस तर वळखूचंय नाय?"

"आणि वाडीक?"

"वाडयेक पयल्या दिवसाक कळला. जानकी म्हणता धाकू देवगडचो."

त्याला हसू फुटलं, आणि फुटतानाच ते अर्ध्यात चिरलं. "माका साठ्याचो पार्ट होयो होतो गो. दोन वाक्यां वाचून दाखवलंय. ते म्हणाले, 'तुमच्या बोलण्यात मालवण येतं हो. तुम्ही गडी करा.'"

"मालवणच्या माणसाच्या तोंडात मालवण येवचा नाय तर काय काशी येतली?"

"थंय असाच आसा, आये. सायब पुण्याचो, गडी आमचो. आपल्या तोंडची भाषा आयकली की ते हसूक लागतत. मिया काय बोललंय ता मागसून आयकतत."

पार्वतीनं पाणी ठेवलं आणि समोर बसली.

"गड्याचो पार्ट केलंस, तेचा माका काय नाय. तुझो मामा उभो जल्म मुंबयत भांडी घासून इलो. पण तेच्या हातसून कप फुटूक नाय. त्या घरातली पोरां आजारी पडली की आवशीक सोडून तेका हाक मारीत. ता कोण सांगता रे रेडिओर? आणि तुझ्या त्या धाकूक घर नाय? मार खाल्ल्यार तेका आवस आठवत नाय?"

गुरुदास ताटात रेघा ओढत राहिला. काहीतरी बोलेलसं वाटलं, पण मग निराळंच बोलला.

"आज बुधवार. आज तू रेडिओक जाव नको."

"कित्याक?"

"आजचो भाग आधीच मशिनीत भरून ठेवललो आसा. माका आता काय करूक येवचा नाय." त्यानं मान खाली घातली. "तू खोक्याक नारळ ठेवलंस ना, ती गजाल माका आपल्या वाडयेतल्या बाळान मुंबयत सांगितल्यान. माका हसू इला, मिया थंय सांगितलंय. त्येंका लय आवडला. साठ्यांकडे टेलिफोन येता, आणि धाकू तेच्याफुडे नारळ ठेवन गाऱ्हाणा घालता. असो आसा आजचो."

पार्वतीनं दारातला कावळा हाकलला. मग तिनं ताट उचललं.

"मगे जावकच होया. नारळ माझो आसा."

संध्याकाळी रामचंद्राच्या दुकानापुढं पाय ठेवायला जागा नव्हती. जत्रेला माहेरी आलेल्या लेकी, त्यांची मुलं, शेजारच्या वाडीतले पाहुणे. गुरुदास अगदी मागं, ओढून ठेवलेल्या होडीला टेकून उभा राहिला. लवू तांडेल नेहमीच्या बाकावर डोळे मिटून बसला होता. रात्री जागवायच्या म्हणून संध्याकाळी पेंगायचं, हा त्याचा जत्रेतला नेम.

खोक्यात घंटी खणखणली. साठ्यांकडे टेलिफोन आला. धाकू ओरडत पळाला, परत आला, आणि बायसाहेबांच्या स्वयंपाकघरातला नारळ त्यानं टेलिफोनपुढं ठेवला. आतली माणसं आत्ताच खिदळायला लागली होती.

"बा तारेतल्या म्हाराजा!" धाकूनं सूर लावला.

सूर खरा होता, लहानपणापासून ऐकलेला. पेंगणाऱ्या लवू तांडेलाचे हात आपोआप जोडले गेले आणि डोळे न उघडताच तो गरजला, "व्हय म्हाराजा!"

त्याच्या पाठोपाठ वाळूतले दोनशे हात जोडले गेले. गाऱ्हाणं कानावर आलं की होकार द्यायचा. तिथं कोण विचार करतो?

"आज हो धाकू नारळ घेवन तुझ्या पायांकडे उभो आसा. तुका पाय खंय आसत ता माका म्हायत नाय—"

खोक्यात हशा. वाळूत, "व्हय म्हाराजा!"

"बायसायबाचो कप माझ्या हातसून फुटलो, ता तिच्या कानार जावंक दिव नको—"

"व्हय म्हाराजा!"

"सायबाचो राग तारेतल्या तारेत ओढून न्हे आणि दर्यात बुडय—"

"व्हय म्हाराजा!"

खोक्यातली माणसं हसून हसून लोळत होती आणि वाळूतली माणसं डोळे मिटून होकार देत होती. मध्ये ती लाकडाची पातळ भिंत. पार्वतीनंही हात जोडले होते. ते कधी जोडले, तिलाच ठाऊक नव्हतं.

आणि एकाएकी धाकूचा आवाज बदलला. वेडावणं गळून पडलं. आत जो गळा उरला, तो कृष्णाला हाक घालणारा होता.

"आणि थंय दर्याच्या काठार माझी आवस पाटी घेवन बाजारात बसता. तिच्या पाटयेक बरकत दी. तिच्या झिलान पोटासाठी काय वाकडा-तिकडा बोलल्यान आसात, तर ता तिच्या पदरात घालू नको. तेची भूल तेका दाखय, आणि तेका सुखरूप घराकडे घेवन ये रे म्हाराजा!"

खोक्यात कुणीतरी हसायला निघालं आणि खोकलं.

"व्हय म्हाराजा!" वाडी म्हणाली, आणि ती इतक्या मोठ्यानं म्हणाली की माडांवर टेकलेले कावळे पुन्हा उडाले.

"धाकू!" साठ्यांची बायको भानावर येऊन ओरडली. "आण तो नारळ इकडं. चटणीला हवा!" हशा झाला, तुतारी वाजली, श्रुतिका संपली.

लवू तांडेलानं आता डोळे उघडले. इकडं तिकडं बघितलं.

"गाऱ्हाणा झाला?"

"झाला," रामचंद्र म्हणाला.

"होकार दिलो?"

"सगळ्यांनी दिलो."

"मगे नारळ खंय?"

"बायसायबान चटणयेक न्हेल्यान."

लवूचा चेहरा गंभीर झाला. "ह्या बरां नाय झाला. घातललां गाऱ्हाणा, दिललो होकार, आणि नारळ फुटूक नाय. उद्या आमका रापण घालूची आसा. अर्ध्या गाऱ्हाण्यार मिया दर्यात जाळा सोडूचंय नाय."

"मगे फोड तू एक नारळ," कुणीतरी म्हणालं.

"मिया कसो फोडू? ज्येच्या तोंडातसून गाऱ्हाणा गेला, तेणाच नारळ फोडूचो. रीत आसा ती."

"तो धाकू तर मुंबयत!" रामचंद्र म्हणाला.

"मुंबयत कशाक, देवगडात," जानकी म्हणाली. इतक्या दिवसांच्या सवयीनं ते तिच्या तोंडातून निघून गेलं.

कुणी आभाळाकडं बघत होतं, कुणी पायाच्या अंगठ्यानं वाळू उकरत होतं. मागच्या होडीकडं मात्र कुणीही बघत नव्हतं. इतकी माणसं एका बाजूला न बघण्यासाठी एवढी धडपडताना पार्वतीनं कधी पाहिली नव्हती. होडीजवळ गुरुदास घड्याळाचा हात पाठीमागं धरून उभा होता, पळावं की राहावं हे न कळलेल्या धाकूसारखा.

जिभेखालची ती खडीसाखर तिला आठवली. ही जागा बाजाराची नव्हती आणि पार्टही तिच्या मनातला नव्हता. पण वाक्य तेच होतं.

ती उठली. रामचंद्राच्या फळीवरचा एक नारळ घेतला, शेंडी धरून माणसांमधून वाट काढत मागं गेली आणि तो गुरुदासाच्या हातात ठेवला.

"ह्यो धाकू," ती मोठ्यानं म्हणाली. "माझो झील. आयकलंस गो जानके? देवगडचो नाय, माझो!" आणि त्याच्याकडं वळून म्हणाली, "फोड. आणि नीट फोड हां. कपासारखो नको."

आधी जानकी हसली. मग लवू, मग रामचंद्र, आणि मग कित्येक बुधवारांचं कोंडलेलं हसू एकदम फुटून वाळूवर सांडलं. "रे गुरुदासा, पंख्याक भियालंस तेवा मिया तोंडात पदर कोंबललंय!" "आणि ता सरबत रे, सरबत!" "मिया तर दुसऱ्या शब्दाक वळखललंय!" "दुसऱ्या? मिया पयल्या!" गुरुदासही हसत होता, आणि हसता हसता मनगटानं डोळे पुसत होता. लवूनं दाखवलेल्या दगडावर त्यानं नारळ आपटला. सरळ दोन भकलं झाली. पाणी दगडावरून वाळूत उतरलं. एक तुकडा देवीचा, एक दर्याचा, आणि जानकीनं न विसरता एक खोक्यापुढं ठेवला.

घरी जाताना पार्वतीनं विचारलं, "तां शेवटचा कोणी लिवलेला?"

"कोणी नाय गो. बोलता बोलता इला. गाऱ्हाणा तसाच संपता ना? तसा संपवल्याशिवाय तोंड मिटाच ना."

"त्येनी काढूक नाय?"

"काढीत होते. साठ्याचो पार्ट करता तो म्हणालो, ऱ्हवांदे. तेची आवस साताऱ्याकडे आसा." तो जरा थांबला. "दुपारी तू विचारलंस, धाकूक आवस नाय काय म्हणान. तेवाच सांगतलंय होतंय. पण म्हटला, आयकांदे तिका."

"मेल्या," पार्वती म्हणाली, आणि त्याच्या तेल लावलेल्या केसांतून हात फिरवला. हाताला धुराचा वास आला.

दोन दिवसांनी ती बाजारात बसली होती. कावेरीबाई आल्या, पाटीतल्या हातभर माशावर वाकल्या.

"काय गं, इसवण ताजी आहे ना, की..."

"तां वाक्य रेडिओर बोलता तो माझो झील, बाय," पार्वती म्हणाली. आजूबाजूच्या चार पाट्यांना ऐकू जाईल अशा आवाजात.

कावेरीबाईंचा हात इसवणीवरच राहिला. "अगं... आणि मी इतके दिवस तुला..." त्या लालेलाल झाल्या. मग हळूच म्हणाल्या, "ते परवाचं गाऱ्हाणं. ती बाजारात बसणारी आई म्हणजे तू गं?"

"मियाच. घेतास ना इसवण? माझ्या पाटयेक बरकत मागितल्यान हा तेणा, आता तुमच्याच हातात आसा."

कावेरीबाईंनी आख्खी इसवण घेतली.

गुरुदास आगबोटीनं परत गेला. धाकू काही साहेब झाला नाही. पुढच्या बुधवारी श्रुतिकेत परत खळ्ळकन आवाज झाला आणि मागोमाग ते वाक्य आलं. मात्र त्याच्या शेपटाला आता मधूनच एखादी गोष्ट चिकटू लागली. 'माझी आवस म्हणता', असं काहीतरी. लिहिणाऱ्यांनी ती राहू दिली. मुंबई हसली. या खेपेला वाळूतली माणसंही हसली.

"गो पार्वते!" जानकी ओरडली. "तुझ्या झिलान आणखी एक फोडल्यान!"

"फोडूं दे," पार्वती खाजं मोडत म्हणाली. "साठ्यांकडे खूप आसत."